उंद्रीत टीव्ही आलाच नाही

ज्या मुलीला टीव्हीवर पाहून तुम्ही डोक्यावर घेतलंत, तिनं मोठेपणी पोट कशावर भरावं, असं तुम्हाला वाटतं?

बुलढाण्याकडच्या उंद्री गावात शाळेच्या ओट्यावर मी नऊवारी नेसून उभी होते आणि समोरची गर्दी ओरडत होती, “टीव्ही दाव पयले.”

मुंबईत टीव्ही नवा होता तेव्हा मी त्यावर ‘बेबी कुंदा’ होते. बोबड्या मुलीची कामं करायचे. उंची वाढली आणि कामं थांबली. निर्माते भेटले की तेच बोबडं बोलायला लावत, हसत आणि वाटेला लावत. वडील गिरणीत होते. युनियनची पत्रकं मी वाचायच्या आधी वाटायला शिकले. आपण कोण हे मालकानं ठरवायचं नाही, हे त्या पत्रकांनीच शिकवलं. शेवटी बुलढाण्याच्या मामांनी मला तिथल्या कलापथकात घातलं. कलापथक म्हणजे गावोगाव फिरून छोटी नाटकं करणारी मंडळी.

या भागात टीव्ही दिसतच नव्हता. मला कुणी ओळखत नव्हतं, याचंच बरं वाटलं. पण पथकाचे प्रमुख दिनकरराव मला मुलीचंच काम देत. नाटक होतं शाळकरी मुलीचं लग्न मोडणाऱ्या आईचं. आईचं काम करणाऱ्या बाई बाळंतपणाला गेल्या, तेव्हा मी ते काम मागितलं.

“लोक हसले तर तू पुन्हा मुलगी,” दिनकरराव म्हणाले.

“आणि नाही हसले तर?”

“मग आई. नेहमीसाठी.”

आमचे ड्रायव्हर गफूरभाई यांना गर्दी हवी होती. जीपच्या भोंग्यावरून ते दुपारभर सांगत फिरले की टीव्हीवाली बेबी येणार. गावानं सरळ हिशेब केला. तंबूतला सिनेमावाला मशीन घेऊनच येतो, मग टीव्हीवाली रिकाम्या हातानं कशी येईल? म्हातारी माणसं टीव्हीची पेटी नीट दिसावी म्हणून ओट्याला चिकटून बसली होती.

आता दिनकरराव पडद्याआडून खुणावत होते, ते बोबडं बोल, लोक शांत होतील. शांत झालेही असते. पण मग आईचं काम माझ्या हातून गेलंच असतं. मी खरं ते सांगितलं. पेटी नाही. लहानपणी मी त्यात दिसायचे. आता नाटकात काम करते.

थोडा वेळ नुसती कुजबुज झाली. मग पुढची एक म्हातारी म्हणाली, “लहानपणी तू काय केलं त्याचं आमाले काय करा लागते? आता काय करून राह्यली ते दाव.”

नाटक सुरू झालं. पहिलं वाक्य बारीक निघालं. टीव्हीच्या स्टुडिओत डोक्यावर लांब दांड्याला माइक असतो, त्याला बूम म्हणतात. त्याच्याखाली कुजबुजलं तरी चालतं. ओट्यावर मात्र आवाज शेवटच्या माणसापर्यंत फेकावा लागतो. मागून कुणीतरी विचारलं, “काऊन वं, जेवली नाही का?” सगळे हसले. पडद्याआड दिनकररावांनी कपाळाला हात लावलेला दिसला.

मी पोटातून आवाज काढला. मुलाकडच्या पाहुण्यांना सांगितलं, माझी पोर शाळेत जाईल, तुमच्या घरी नाही. त्यानंतर कुणी हसलं नाही. पाहुणा झालेल्या नटाला तर बायकांनी खालूनच दटावलं.

नाटक संपल्यावर तीच म्हातारी ओट्यापाशी आली. माझ्या मुलीचं काम करणारी पोर शेजारी उभी होती. तिच्या डोक्यावर हात ठेवून म्हातारी मला म्हणाली, “कोणी किती बी म्हनो, इले शाळेतून काढू नको वं माय.”

मी हो म्हणाले. पोर माझ्याहून जेमतेम सहा वर्षांनी लहान होती.

परतताना दिनकरराव जीपमध्ये पुढे बसले. मग गफूरभाईंना म्हणाले, उद्यापासून भोंग्यावर नुसतं कुंदा म्हणा. मी जीपमध्येच झोपले.

या धंद्यात प्रेक्षक जुनं धरून बसत नाहीत. जाहिरात करणारे बसतात. म्हणून एवढं करा. तुमच्या गावातल्या भिंतीवरच्या जाहिरातीत मोठ्या बाईच्या नावाआधी ‘बेबी’ दिसलं, तर नाटक मंडळाच्या माणसाला गाठा आणि ती बाई आज कोणतं काम करते, ते विचारा. त्याला सांगता आलं नाही, तर तिलाच विचारून ते काम भिंतीवर लिही आणि मगच पुढे जा, म्हणावं.