दारातली जागा

भारताचा फुटबॉल सामना बघत होते. मध्यंतरात एका सिनेमाचा ट्रेलर लागला. त्यात रिकामा झोपाळा नुसताच हलत होता. "एकटेपण दाखवायला दुसरं काही सुचत नाही का यांना?" मी मोठ्यानं म्हणाले. घरात ऐकायला कुणी नव्हतं.

हे होते तेव्हा, मी स्वयंपाकघराच्या दारात उभी असताना एकदा आपला गोल झाला होता. तेव्हापासून प्रत्येक सामन्याला माझी जागा तीच. "बसू नकोस हं, हरू आपण," सोफ्यावरून हे बजावायचे.

उत्तरार्धात आपला गोल झाला. फुटबॉलवेडं कोल्हापूरच आमचं, पेठेत फटाके वाजले. टाळ्या वाजवताना लक्षात आलं, समोरचा सोफा रिकामा आहे आणि मी अजून दारातच उभी आहे.

पाय भरून आले होते. पण सामना संपला नव्हता.