ताकेनो सानांची आई

चेन्नईत मांबलम स्टेशनवर उतरले आणि फोन वाजला. ताकेनो सानांची मुलगी बोलत होती. "बाबा गेले," एवढंच म्हणाली. मी जिन्याच्या पायरीवरच बसले, येणाऱ्याजाणाऱ्यांची बोलणी खात. त्याला आता पाच आठवडे झाले.

ताकेनो सान, म्हणजे आपल्याकडचे ताकेनोराव, जपानी दिग्दर्शक. विशीत दुसऱ्यांच्या अ‍ॅनिमेशनपटांसाठी दोन मुख्य चित्रांमधली हालचालीची चित्रं काढत, चाळिशीत स्वतःचे अ‍ॅनिमेशनपट केले, नाव कमावलं. मग खरे नट घेऊन सिनेमा काढला. हौसेला मोल नाही, पण तो सपशेल आपटला. "चित्रं ऐकतात, नट ऐकत नाहीत," असं सांगून स्वतःच हसायचे. तिकडे काम मिळेना तेव्हा आमच्या चेन्नईच्या स्टुडिओत शिकवायला आले. तमिळमधला एकच शब्द त्यांनी उचलला, "परवाइल्लै", म्हणजे असू दे, चालेल. कामात मात्र त्यांना काहीएक चालायचं नाही.

फावल्या वेळात ते आपल्या आईवर दहा मिनिटांची फिल्म करत होते. आई गेली तेव्हा ते शूटिंगवर होते, वेळेत पोचले नाहीत... ते शल्य शेवटपर्यंत होतं. त्यातला एक प्रसंग माझ्याकडे होता. आई डावीकडे वळते ती चित्रं तयार होती. मी साताऱ्याची, हुशारी नको तिथे चालवणारी. तीच उलटून गिरवली, झाली उजवीकडे वळलेली आई! ताकेनो सानांनी हालचाल बघायला कागद बोटांत धरून भराभर सोडले आणि किमोनोच्या गळ्यावर बोट ठेवलं. उलटल्यामुळे किमोनोची उजवी बाजू डाव्या बाजूवर आली होती. जपानात तसा किमोनो फक्त मेलेल्या माणसाला घालतात. हे कळल्यावर मला रडूच फुटलं.

"परवाइल्लै," ते म्हणाले, "आपण तिला पुन्हा जिवंत करू." आणि शेजारी बसून एकेक चित्र माझ्याबरोबर नव्याने काढलं. त्या दिवसापासून माझा फार जीव होता त्यांच्यावर.

शेवटचा शॉट तेवढा राहिला. आई दार सरकवून बाहेर निघून जाते. कधीही विचारलं की म्हणायचे, "उद्या." आजारपणात त्यांनी मुलीला माझं नाव सांगून ठेवलं, आता तो शॉट माझ्याकडे आलाय. रोज बसते. आई उठते, किमोनो सारखा करते, दाराला हात लावते... इथवर झालंय. काल मुलीने हळूच विचारलं, "कधी होईल?"

मी म्हटलं, "उद्या."