धुडकूच्या काठ्यांचा पोळा

धुडकू खानदेशातून सुरतेला आला तो बायको सुंदरा आणि रंगाचा ब्रश घेऊन. गावी पोळ्याला बैलांची शिंगं रंगवावीत तर त्यानंच. सुरतेत त्याला ना बैल मिळाला ना पोळा. मिळालं मिलचं रंगाईखातं. तिथं दिवसभर वाफेत उभं राहून ओलं कापड ओढायचं. उभा माणूस शिजून निघायचा.

बहात्तर साली मिलच्या मॅनेजरनं, सोराबजी साहेबांनी, आपल्या गोल्फच्या जुन्या काठ्या रंगवायला त्याच्या नवागामच्या खोलीत धाडल्या. एका चेंडूला मारायला एवढ्या काठ्या लागतात हे ऐकून सुंदराला हसू आवरेना. "अपना समझ के रंगना," साहेबांनी बजावलं होतं. काम पसंत पडलं तर वाफेतून काढून मिलचा पेंटर करणार होते.

झालं! आपलं समजून म्हटल्यावर धुडकू थांबतो कसला? टोकांना त्यानं लालभडक हिंगूळ फासला, वर चमचमती बेगड चिकटवली, गोंडे लावले, घुंगरं बांधली. रंग वाळला तो नेमका पोळ्याच्या दिवशी. मग काठ्यांना पुरणपोळीचा नैवेद्यही हवाच!

"लाकडेस्ले पुरनपोई? तुनं डोकं फिरनं का?" सुंदरा करवादली. पण पोळ्या केल्या, आणि काठ्यांना ओवाळलंही तिनंच.

तेवढ्यात दारात साहेबांची मोटार. काठ्या बघून साहेब आधी गारच पडले.

"आ शूं कीधूं, डोबा?" हे काय करून ठेवलंस म्हणून ते ओरडले.

मग त्यांनी एक घुंगरू वाजवून पाहिलं आणि चक्क खो खो हसले. रंग पसंत होता! "चाल, गाडीमां मूक. आजे मॅच छे."

धुडकूनं काठ्या गाडीत ठेवायला उचलल्या. पेंटरची नोकरी हाताशी आली होती. पण सुंदरा आडवी आली.

"आज पोया शे. आज यास्ले कोनी जुपत नही."

साहेबांनी धुडकूकडे पाहिलं. शहाण्या माणसानं मुकाट्यानं काठ्या दिल्या असत्या. हा पठ्ठ्या म्हणाला, "साहेब, कल ले जाना. आज इनकी छुट्टी है."

"तो तू भाप में ही रह!" साहेबांनी मोटारीचं दार आपटलं.

मोटार गेली. सुंदरानं काठ्यांपुढं पुरणपोळीचं ताट सरकवलं. धुडकूला रडू येत होतं आणि छातीही फुगली होती. एवढ्यात मिलचा भोंगा झाला. त्यानं खुंटीवरचा सदरा अंगात घातला. काठ्या भिंतीला टेकून निवांत पडल्या होत्या. वाफेकडे निघालेल्या धुडकूला त्यांचा मनापासून हेवा वाटला.