रुखवतातली संत्र्याची बिस्किटं

स्वातंत्र्य मिळून चार-पाच वर्षं झाली होती. असोद्याला मला बघायला धुळ्याचे पाहुणे आले, त्यांत नवऱ्या मुलाच्या आत्याबाई होत्या. जाता जाता, आईला नेमकं ऐकू जाईल अशा बेताने त्या म्हणाल्या, पोरगी बरी आहे, पण खेड्यातली. भाकरीपलीकडे हिला काय येणार? लग्न ठरलं, तरी ते बोलणं माझ्या डोक्यातून जाईना. मी मुळातच तापट. रुखवतात मुलीच्या हातचे पदार्थ मांडायची रीत होती. मी आईला सांगून टाकलं, लाडू-करंज्या राहू दे, मी बिस्किटं मांडणार.

बिस्किटं जळगावच्या बेकरीत पाहिली होती, खाल्ली होती. केली मात्र कधीच नव्हती. मैदा, तूप, पिठीसाखर आणि चिमूटभर सोडा घेतला. घरच्या शेंगदाण्यांची भरड केली. न्हाताना लावायला आईने संत्र्याच्या साली वाळवून ठेवल्या होत्या, त्यातल्या मूठभर कुटून घातल्या.

"आंगाले लावाची साल खायाले घालतीस काय व माय?" आई म्हणाली.

"वास तं पाय," मी कूट तिच्या नाकाशी धरत म्हटलं.

साचा काही नव्हता आणि हाताला सवय बट्टीची. आमच्याकडे बट्टीच्या कणकेचे लांब वळे आधी अख्खे शिजवतात, मग कापून तुपात तळतात. मीही विचार न करता हातभर लांब वळा केला आणि पातेल्यात घालून खाली-वर निखारे ठेवले. बाहेर काढला तर वरून सोनेरी, आत कच्चा. सगळं तूप वाया गेलं म्हणून मला रडू कोसळलं.

"रडतीस काऊन? बट्टी कशी करतो आपुन? काप अन् पुना भाज," आई म्हणाली.

तिरके काप केले, तव्यावर मांडले, वर निखाऱ्यांचं झाकण ठेवलं. बिस्किटं कडक, खुसखुशीत निघाली, आणि घरभर संत्र्याचा वास सुटला. बेकरीतही मी तशी खाल्ली नव्हती.

रुखवताच्या वेळी आत्याबाईंनी एक उचललं, मोडून खाल्लं, दुसरंही घेतलं. मग बायकांकडे वळून म्हणाल्या, "हाई बठ्ठं बजारमाईन लयेल शे."

बाजारातून आणलेलं! बायका हसल्या. आईचा चेहरा उतरला. नवरीने मान खाली घालून बसायचं असतं, पण मी ती वर केली.

"आत्याबाई, तुमच्याच चुलीवर करून दाखवते," मी म्हटलं. आईने मला असा चिमटा काढला की वळ उठला.

सासरी नव्या सुनेने पहिल्यांदा काहीतरी गोड करायचं असतं. सगळे शिऱ्याची वाट बघत होते. मी मैदा मागितला. आत्याबाई चुलीपाशी पाट घेऊन ठाण मांडून बसल्या. वळा बाहेर काढला तसं त्यांनी तो बोटाने दाबून पाहिला. "कच्चं शे," म्हणाल्या, आणि त्यांना बरंच वाटलेलं दिसलं. मी सुरी घेतली, काप केले, पुन्हा भाजले. चहाबरोबर ताटली दोनदा भरावी लागली. खाण्यात आत्याबाईही मागे नव्हत्या. मला त्या दिवशी भारी गर्व वाटला. अजूनही वाटतो.

पुढे त्यांच्या मुलीचं लग्न ठरलं. आत्याबाई स्वयंपाकघरात आल्या, दार लोटून घेतलं आणि हळूच म्हणाल्या, बिस्किटांचं ताट तू करून दे, पोरीच्या नावाने मांडू.

"नाही," मी म्हटलं. "तिला माझ्याकडे पाठवा. तिच्या हाताने होऊ देत. मग कुणी बाजारची म्हणालं, तर तिला तोंड उघडता येईल."

आत्याबाई दार उघडून निघून गेल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी मुलगी दारात उभी होती, तूप, मैदा आणि पदरात संत्री घेऊन.