सव्वा मीटर वाट

नोटबुर्गा श्टाइनेगर हे नाव चर्चच्या वहीपुरतं. ग्राबेन गावात तिला सगळे बुर्गल म्हणत. ठेंगणी, रुंद खांद्यांची, आणि आवाज असा की खाणीचा भोंगा बिघडला तर हिलाच दारात उभी करा, असं खाणकामगार म्हणायचे. १८९७ साली, चौदा वर्षांची असताना, वरच्या रानातल्या लाकूडतोड्यांना पाव पोचवायला ती पाठीवर टोपली बांधून डोंगर चढली आणि पुढे चढतच राहिली. लग्न झालं, नवरा खाणीत गेला तो वर आलाच नाही, दोन मुली वाढवल्या, महायुद्ध झालं, बादशहा गेला. बुर्गलची टोपली मात्र पाठीवरून उतरली नाही.

खाणकामगारांनी डोंगरमित्र संघ काढला तेव्हा पहिल्या यादीत तिचं नाव होतं. संघाने वरच्या कुरणात स्वतःचं डोंगरघर बांधलं, तेही रविवारी रविवारी, एकेक फळी पाठीवर वाहून. चुलीचं बिडाचं दार बुर्गलने नेलं. वर पोचल्यावर ती म्हणाली, "हे दार मी आणलंय, आता ह्या घरात कुणाला चहा मिळायचा नि कुणाला नाही, ते मी ठरवणार." ठरवलं तिने एवढंच, की येईल त्याला द्यायचा. डोंगरघराची किल्ली त्या दिवसापासून तिच्या कमरेला होती.

आमच्याकडे माणूस कुणाचा आहे हे त्याने तोंड उघडलं की कळतं. पाद्रीबाबांची माणसं 'देव भलं करो' म्हणतात. जर्मन राष्ट्राभिमानी मंडळी 'हाइल' म्हणून टाच आपटतात. आणि डोंगरमित्र एकमेकांना भेटले की म्हणायचे, 'डोंगर मोकळा!' त्यामागे कारण होतं. कुरणापर्यंतचं सगळं रान जमीनदाराचं, म्हणजे काउंटसाहेबांचं, त्यातल्या वाटा त्यांच्या हरणांसाठी राखलेल्या, आणि माणसांनी मात्र गाडीरस्त्याने धूळ खात फिरावं असा कायदा. बुर्गल हे 'डोंगर मोकळा' नुसतं संघाच्या लोकांना म्हणत नसे. गाईला म्हणे, पोस्टमनला म्हणे, आणि काउंटचा रानराखा इग्नाझ रोट्टर समोर आला की त्याच्या कानाशी जाऊन म्हणे.

"हळू ओरड की, बये! हरणं पळतात!" इग्नाझ कावायचा.

"तुझ्या साहेबाची हरणं आहेत, पळू दे. तेवढाच त्यांना व्यायाम."

असं तीस-बत्तीस वर्षं चाललं. मग १९२९च्या वसंतात काउंटने शिकारीचं रान एका परदेशी श्रीमंताला भाड्याने दिलं आणि बुर्गल चढायची त्या वाटेवर तारेचं कुंपण उभं राहिलं. डोंगरघराला दुसरी वाट नव्हती. वाट गेली की घर गेलं. घर बांधायला घेतल्यापासूनच्या बावीस वर्षांच्या रविवारांवर पाणी!

संघाने खटला भरला. ग्रात्स शहराहून वकील आला, तरणा आणि घाईतला. त्याने डोंगरघरात बसून सगळ्यांना समजावलं.

"कायदा आपल्या बाजूने आहे. तीस वर्षं एखाद्या वाटेने लोक गेले, तर त्यांचा तिच्यावर हक्क बसतो. पण उघड गेलेले हवेत. चोरून नाही, नि मालकाच्या परवानगीनेही नाही. आणि साक्षीदार बाहेरचा हवा. तुम्ही सगळे एकाच माळेचे मणी. तुमच्या शब्दाला कोर्टात वजन नाही."

बाहेरचा असा एकच माणूस होता, आणि सगळ्यांना तो ठाऊक होता. शाळेचे मास्तर, सीगफ्रीड नावराटिल. लहानपणापासून त्याच वाटेने जायचे, पुढे आपल्या जर्मन व्यायामशाळेची पोरंही तिथूनच नेली. कोटाला जर्मन राष्ट्राभिमान्यांची खूण असलेलं निळं रानफूल, तोंडी सदानकदा जर्मन रक्ताच्या गोष्टी. आडनाव मात्र शुद्ध चेक, आजोबा ब्र्नोहून आलेले शिंपी. हे गावात सगळ्यांना माहीत होतं आणि मास्तरांसमोर कुणी काढत नसे. आमच्या संघासारख्या लाल झेंड्यावाल्यांना आणि मास्तरांच्या मंडळींना एकमेकांना पाण्यात पाहायची सवय. तरीही मास्तर आपणहून बुर्गलच्या दारी आले.

"बुर्गलबाई, मी साक्ष देतो. वाट माझीही आहे. माझी अट अगदी लहान आहे."

"बोला की."

"आमच्या मंडळींच्या डोंगरघरावर जी पाटी आहे, तीच तुमच्या दारावर लावा. ज्यूंना प्रवेश नाही. आणि तो डॉक्टर पेर्ल्स, त्याचं नाव तुमच्या यादीतून काढा. एक पाटी, एक नाव. बदल्यात अख्खी वाट."

आवळा देऊन कोहळा काढायला निघाले होते मास्तर. बुर्गलने त्यांना बसाही म्हटलं नाही. "कमिटीला विचारते," एवढंच म्हणाली, आणि मी सांगतो, तिच्या आयुष्यात ती इतकं थोडकं कधी बोलली नसेल.

डॉक्टर ऑस्कर पेर्ल्स खाणकामगारांच्या आजारनिधीचे डॉक्टर. बुर्गलच्या धाकटीला घटसर्प झाला तेव्हा तीन दिवस उशाशी बसलेले. गुडघे दुखरे, तरी दर रविवारी वर यायचे आणि कुणाच्या तरी टाचेचे फोड फोडत बसायचे. कमिटीच्या बैठकीत सगळ्यांआधी तेच उठले.

"काढून टाका माझं नाव. वाट शंभर वर्षं राहील, माझे गुडघे पाचच वर्षं टिकतील. हिशेब सोपा आहे."

खजिनदार खाकरला. "डॉक्टरच म्हणतायत तर… पाटी काय, निकाल लागला की उतरवू. चार महिन्यांचा प्रश्न."

दोघातिघांनी माना डोलावल्या. वाईट माणसं नव्हती ती. वाट जायची त्यांना भीती वाटत होती, एवढंच. बुर्गल उठली तेव्हा तिचे कान लाल झाले होते.

"डॉक्टर, तुम्ही खाली बसा. तुमचं नाव तुमच्या मालकीचं नाही, ते आमच्या यादीतलं आहे. आणि तुम्ही, खजिनदारसाहेब! काउंटने तार लावली तर आपण कोर्टात गेलो. आता तीच तार आपण आपल्या दाराला लावायची? मग कुंपणच बरं की! त्यात काउंटचा पैसा जातो, आपला खिळासुद्धा जात नाही." तिने कमरेची किल्ली काढून टेबलावर टाकली. "लावा पाटी. पण उद्यापासून चहा दुसऱ्या कुणीतरी करायचा."

किल्लीला कुणी हात लावला नाही. शेवटी खजिनदारानेच ती दोन बोटांनी तिच्याकडे सरकवली. मास्तरांना निरोप गेला: साक्ष नको. वकिलाने डोक्याला हात लावला. घरी गेल्यावर बुर्गललाही रडू आलं, हेही सांगायला हवं. आपण खटला हरणार असं तिलाही वाटत होतं.

ऑक्टोबरात सुनावणी झाली. अपेक्षेप्रमाणे संघाच्या साक्षीदारांना काउंटच्या वकिलाने चुटकीसरशी उडवलं. "सगळे एका पक्षाचे, एका तोंडाचे!" मग त्याने आपला साक्षीदार उभा केला. इग्नाझ रोट्टर. हिरव्या कोटाला इस्त्री, मिशांना मेण.

"रोट्टर, ही मंडळी रानात कशी शिरायची?"

"चोरून, साहेब. काउंटसाहेबांच्या रानात—"

"या देशात आता काउंट नाहीत, बादशहाबरोबर पदव्याही गेल्या," न्यायाधीश कागदावरून मान वर न करता म्हणाले. "पुढे."

"श्रीयुत काउंटसाहेबांच्या रानात, चोरून," इग्नाझने दुरुस्ती केली.

संघाचा वकील कागद चाळत बसला. प्रश्न सुचेना. तेव्हा बुर्गल उठली आणि एक विचारू का म्हणाली. न्यायाधीशांनी हात हलवून परवानगी दिली.

"इग्नाझ, तू रानराखा चांगला की वाईट?"

"काय विचारतेस? बत्तीस वर्षांची नोकरी आहे माझी! एक ससा माझ्या नजरेतून सुटला नाही."

"मग मी तुझी नजर चुकवून किती वेळा गेले, सांग."

इग्नाझ तांबडाबुंद झाला. "तू? माझी नजर चुकवून? एकदाही नाही!"

"कशावरून? टोपली घेऊन शंभरदा गेले असेन नि तू झाडाखाली घोरत असशील."

"मी घोरत?" तो कोर्टात आहे हे विसरला. "अर्ध्या कोसावरून ऐकू येतेस तू! डोंगर मोकळा, डोंगर मोकळा! पहाटे तेच, दुपारी तेच! बत्तीस वर्षं माझं डोकं उठवलंय ह्या बाईने, साहेब! मी नोकरीला लागलो त्या शरदात पहिल्यांदा दिसली, घसरून पडली होती, पाव उतारावर गडगडत होते, मीच गोळा करून दिले. सत्त्याण्णव साल. तेव्हापासून एक आठवडा चुकली असेल तर शपथ!"

काउंटचा वकील अर्धवट उठला होता. "रोट्टर, म्हणजे तुम्ही तिला परवानगी दिलेली होती—"

"परवानगी? मी? दर वेळी शिव्या घातल्यात तिला! माझ्या कामावर संशय घेता काय?"

न्यायाधीशांनी चष्मा काढून पुसला. उघडपणे. परवानगीवाचून. बत्तीस वर्षं. कारकुनाला ते म्हणाले, "हे शब्दशः लिहून घ्या." तोवर इग्नाझला काय झालं ते कळलं होतं. तो तिथेच कठड्याला धरून उभा राहिला, आणि बुर्गलला एकदम त्याची दया आली. दाराशी तिने त्याला गाठलं.

"नोकरी जाईल का रे तुझी?"

"जाईल तर जाईल," इग्नाझ म्हणाला. "पण मी घोरत होतो असं कोणी म्हणायचं नाही."

नोकरी गेली नाही. त्या रानातला प्रत्येक दगड ओळखणारा दुसरा माणूस काउंट आणणार कुठून?

निकाल लागला. वाट मोकळी, जमिनीच्या सरकारी दप्तरात नोंदलेली, कुणाही चालणाऱ्यासाठी, कायमची. काउंटच्या वकिलाने शेवटचा फणकारा म्हणून रुंदी ठरवून मागितली: सव्वा मीटर, आणि त्यापलीकडे गवतात पाऊल ठेवायचं नाही. इग्नाझने दोन्ही बाजूंना खुंट्या ठोकल्या. पुढच्याच रविवारी मास्तर नावराटिल आपली पोरं घेऊन, झेंडा लावून, त्याच वाटेने ऐटीत चढले. आमच्यातले दोघे तरणे त्यांना अडवायला निघाले.

"व्हा बाजूला," बुर्गल म्हणाली. "कुणाही म्हणजे कुणाही. निकाल वाचता येत नाही का?" मग मास्तरांकडे वळून, "या मास्तर. चहा हवा तर आत डॉक्टर ओततायत आज."

मास्तर चहाला थांबले नाहीत.

चौतीसच्या फेब्रुवारीत खाली शहरांत तोफा चालल्या. कामगारांचा उठाव मोडायला सरकारने त्यांच्या वस्त्यांवर चालवल्या. कामगारांच्या पक्षावर बंदी आली, संघावर आली, 'डोंगर मोकळा' म्हणण्यावरही आली. मास्तरांच्या मंडळींवर आदल्या वर्षीच आली होती. निळं फूल आता कोटाच्या आतल्या बाजूला टाचलेलं असे. डोंगरघराला सरकारी कुलूप लागलं, दारावर लाखेचा शिक्का. बुर्गलची किल्ली जप्त झाली. आठ दिवस ती घराबाहेर पडली नाही. लोकांना वाटलं, आता हिचा आवाज बसला.

मे महिन्याच्या पहिल्या रविवारी ती टोपली पाठीला बांधून चढली. बंद दारापासून चार पावलांवर, दोन खुंट्यांच्या मध्ये, वाटेवर तिने टोपली उतरवली आणि फडक्यात गुंडाळलेली चहाची किटली काढली. हळूहळू माणसं आली. खजिनदार आला, डॉक्टर काठी टेकत आले. दुपारपर्यंत चाळीसेक झाली. कुणी थांबलं नाही. एकामागे एक वर जायचे, कुरणाच्या टोकाला वळून खाली यायचे, जाता-येता पाव आणि घोटभर चहा घ्यायचे. कुणी काही घोषणा दिली नाही.

खालून नवा, कोवळा पोलीस धापा टाकत आला आणि टोपलीसमोर उभा राहिला.

"बाई, हा बेकायदा जमाव आहे! संघ बंद झालाय!"

"संघ कुठला? घर घेतलंत ना तुम्ही, आम्ही हातसुद्धा लावलेला नाही. ही वाट आहे. लोक चालतायत."

"मग हे पाव?"

"चालून भूक लागते."

पोलिसाने शिट्टी तोंडात धरली आणि पुन्हा काढली. त्याच्यामागे रांग अडली होती. पुढून डॉक्टर खाली येत होते, मागून खजिनदार वर जात होता, आणि सव्वा मीटरमध्ये तीन माणसं मावत नाहीत.

"साहेब, जरा बाजूला व्हा," बुर्गल म्हणाली. "म्हातारे गुडघे आहेत, उतारावर थांबवत नाही."

तो सवयीने बाजूला झाला. दोन पावलं, खुंटीच्या पलीकडे, उंच गवतात. तोच वरच्या देवदारांतून एक चिरका, संतापलेला आवाज आला, आणि अख्ख्या डोंगराने तो ऐकला.

"ए! कोण आहे तो? गवतातून बाहेर हो!"

इग्नाझ होता. पोलीस कावराबावरा होऊन वर बघत राहिला. बुर्गलने त्याचा हात धरला, त्याला खुंटीच्या आत ओढून घेतला आणि रांगेत उभा केला.

"चला," ती म्हणाली, "इथे उभं राहायला कुणाची मनाई नाही." आणि तिने त्याच्या हातात चहाचा पेला दिला.