फोटोच्या जागी स्टिअरिंग

वेबसाइट सुरू झाली त्या दिवशी मॅडमनी पेढे आणले. आम्हा चौघींना लॅपटॉपभोवती बोलावलं आणि 'आमच्या शिक्षिका' असं लिहिलेलं पान उघडलं. ईशा. पूर्ण नाव, हसरा फोटो. रेणुका. पूर्ण नाव, हसरा फोटो. गायत्री. नवऱ्याच्या आडनावासकट, हसरा फोटो. चौथा चौकोन माझा. त्यात गाडीचं स्टिअरिंग होतं. काळं, गोल. खाली लिहिलेलं, सोफिया. कॉलवर वापरायला मॅडमनीच दिलेलं नाव.

मला वाटलं, फोटो यायला वेळ लागत असेल. मी बावळटासारखी वाट बघत उभी.

"मॅडम, माझा फोटो?"

"अगं, तुझा नको. आणि नाव सोफियाच बरं. तिकडच्यांना सोपं पडतं."

"पण ईशाचं तर..."

"ईशाचं वेगळं. हे बघ, आपल्या क्लासचे पालकही ही वेबसाइट बघतात. उगाच नको ते प्रश्न कशाला? तू समजूतदार आहेस."

मग पेढ्यांचा बॉक्स माझ्यापुढे आला. मी पेढा घेतला. खाल्लासुद्धा. त्याचाच जास्त राग येतो आजही.

कुठलं काम, ते सांगते. डोंबिवलीत मानपाडा रोडला पहिल्या मजल्यावर मॅडमचा स्पॅनिशचा क्लास. संध्याकाळी चांगल्या घरची मुलं शिकायला यायची. सकाळी त्याच खोल्यांत आम्ही चौघी हेडफोन लावून बसायचो आणि अमेरिकेतल्या माणसांना शिकवायचो. तिकडे गाडी शिकायची तर आधी लेखी परीक्षा द्यावी लागते, आपल्याकडच्या लर्निंग लायसन्ससारखी. बऱ्याच ठिकाणी ती स्पॅनिशमधूनही देता येते. मेक्सिकोकडून, ग्वातेमालाकडून मजुरीला गेलेली माणसं, त्यांना तिकडची शिकवणी परवडत नाही. मग ती डोंबिवलीला फोन लावतात. त्यांची संध्याकाळ ती आमची सकाळ. मी कल्याणपलीकडच्या मोहन्याहून उजाडायच्या आत निघायचे.

मला स्वतःला सायकलपलीकडे काही चालवता येत नव्हतं. पण थांबा, वळा, वाट द्या, वेग कमी करा, हे सगळं स्पॅनिशमध्ये तोंडपाठ.

स्पॅनिश मी याच मॅडमकडे शिकले. त्यांनी शिकवलं चांगलं, ते नाकारत नाही. पण पहिला दिवसही विसरत नाही. सगळ्यांनी आपलं नाव स्पॅनिशमधून सांगायचं होतं. सगळे नुसतं पहिलं नाव सांगत होते. मीही तेच केलं. मॅडम माझ्यापाशी थांबल्या आणि मराठीत म्हणाल्या, "पूर्ण सांग ना." मी सांगितलं.

"अच्छा," त्या म्हणाल्या.

हा अच्छा माझ्या ओळखीचा आहे. भाड्याची खोली बघायला गेलो की घरमालक म्हणतो तो. आधी हसतो, चहा विचारतो, मग आडनाव विचारतो, मग अच्छा. त्यानंतर खोली कुणाला तरी आधीच दिलेली असते. कॉलेजात ऐकला, मैत्रिणींच्या आयांकडून ऐकला. शिव्या देणारा निदान तोंडावर देतो. हे अच्छावाले तुम्हाला पाणी देतात आणि ग्लास वेगळा ठेवतात.

मी क्लासमध्ये पहिली आले, म्हणून मॅडमनी कामाला घेतलं. "मी असलं काही मानत नाही," असं त्या चार लोकांत सांगायच्या, माझ्या पाठीवर हात ठेवून. संक्रांतीला क्लासच्याच हॉलमध्ये हळदीकुंकू केलं. मला म्हणाल्या, "तुमच्यात नसतं ना हे? तू तेवढे कॉल घे." बाहेर बांगड्यांचे आवाज, तिळगूळ, हसणं, आणि आत मी हेडफोन लावून. खरं सांगते, आमच्यात नसतंच. मला नकोच होतं. पण नको म्हणायची संधीसुद्धा त्यांनी मला दिली नाही.

आणि मग हे स्टिअरिंग. घरी आईला सांगितलं. ती भाकरी थापत होती.

"पगार वेळेवर देते ना ती बाय?" आई म्हणाली. "मग तोंड बंद ठेव. तुझ्या बाबांनी जन्मभर सायबाला आधी जाऊ दिलं, म्हणून आपली चूल पेटली."

बाबा तिथेच बसलेले. कंपनी बंद पडल्यावर वॉचमनकी करणारे बाबा. जयंतीला निळ्या झेंड्यापुढे घसा बसेपर्यंत घोषणा देणारे बाबा. त्यांनी टीव्हीचा आवाज वाढवला.

त्याच आठवड्यात रोसाउरा माझ्याकडे आली. म्हणजे तिचा आवाज आला, कारण आमचे कॉल बिनचेहऱ्याचे असायचे. चाळिशी ओलांडलेली बाई. लोकांची घरं साफ करायची. एकदा परीक्षेत नापास झालेली. कामाच्या घरापर्यंत बस जात नव्हती, आणि मालकीण म्हणाली होती, गाडी चालवायला शीक नाहीतर दुसरी बघते. आमचं बोलणं सगळं स्पॅनिशमध्ये, इथे मराठीत लिहिते.

पहिल्याच दिवशी तिने पूर्ण नाव सांगितलं. त्यांच्यात दोन आडनावं लावतात, एक बापाचं, एक आईचं. दोन्ही सावकाश सांगितली.

"आणि तुमचं, बाई?"

"सोफिया."

"सोफिया कोण?"

"नुसतं सोफिया."

"नुसतं?" ती हसली. "एकच नाव देवाला असतं, नाहीतर कुत्र्याला. तुम्ही कोण?"

ती चेष्टा करत होती. मला हसू आलं नाही.

मग तिनेच सांगितलं, मालकीण तिला मारिया म्हणते. आधीच्या कामवालीचं नाव मारिया होतं. तेच पुढे चालू.

रोसाउराला वेग पाठ, अंतर पाठ, पाट्यांचे रंग पाठ. अडायचं एकाच ठिकाणी. चौक आला की ती थांबायची.

"चारी बाजूंना थांबायची पाटी आहे," मी विचारायचे. "तुम्ही आणि दुसरी गाडी एकदमच पोचलात. ती तुमच्या डावीकडे आहे. आधी कोण जाणार?"

"ती."

"नाही. तुम्ही. तुम्ही तिच्या उजवीकडे आहात. तिकडचा नियम तसाच आहे."

दुसऱ्या दिवशी पुन्हा तोच प्रश्न. पुन्हा "ती." मी प्रश्न फिरवून विचारला, चित्र काढून पाठवलं. तरी तेच. दर वेळी समोरचा आधी. नियम विचारला तर घडाघडा म्हणायची, आणि उत्तर द्यायची वेळ आली की वाट सोडून उभी. एक दिवस माझा आवाज चढला.

"नियम येतो ना तुम्हाला? मग थांबता कशाला?"

"त्याची गाडी मोठी असली तर?"

"गाडी मोठी की लहान, ते प्रश्नात नाहीये."

"प्रश्नात नसतं, बाई," ती म्हणाली. "चौकात असतं."

तरी मास्तरीण ना मी, दामटून बोलले. "तुमचा नंबर असेल तेव्हा गाडी काढायची. तिथे थांबलात तर उत्तर चूक. समोरचा कोण आहे ते बघायचं नाही. माझा नंबर, असं म्हणायचं मोठ्याने, आणि खूण करायची."

तिने मोठ्याने म्हटलं. मी पुन्हा म्हणायला लावलं. तिच्याकडून घोटून घेत होते आणि समोर स्क्रीनवर माझा चौकोन उघडा होता. ते काळं स्टिअरिंग. मला लाज वाटली. दुसरीला काय शिकवत होते मी? मी तर पेढा खाऊन बाजूला उभी राहिलेली.

रोसाउरा पास झाली. पुढे महिनाभर सराव करून गाडीची परीक्षाही पास झाली, लायसन्स हातात आलं. मॅडमना भारी आनंद. क्लासचं वार्षिक संमेलन जवळ आलं होतं. त्यात मोठ्या पडद्यावर रोसाउराला थेट व्हिडिओ कॉल लावायचा, पालकांना दाखवायचं की बघा, आमच्या शिक्षिका सातासमुद्रापार शिकवतात. मला वाटलं, आता तरी. आता तरी मला पुढे बोलावतील. नवा ड्रेस इस्त्री केला मी, सांगायलाही लाज वाटते.

आदल्या दिवशी मॅडमनी कामं वाटली. "ईशा सोफिया म्हणून बसेल. त्या बाईनं तुला कुठे पाहिलंय? तू लॅपटॉपपाशी थांब, वायर-बियर बघ. नेट जाऊ देऊ नकोस."

ईशा मला जिन्यात भेटली. "यार, मलाही ऑकवर्ड होतंय. पण मॅडमना कोण बोलणार? पाच मिनिटांचं तर आहे."

पाच मिनिटांचं. माझा चेहरा पाच मिनिटं तिच्याकडे.

हॉल भरलेला. पुढच्या रांगेत पालक, रेशमी साड्या, कुर्ते. ईशा खुर्चीवर, तिच्यासमोर लॅपटॉप, लॅपटॉपमागे मी, वायर धरून. पडद्यावर रोसाउरा आली. पहिल्यांदा बघितलं तिला. रुंद चेहरा, केस नीट विंचरलेले, स्वयंपाकघरात बसलेली. तिने लायसन्सचं कार्ड कॅमेऱ्यापुढे धरलं आणि त्यावरचं आपलं नाव वाचलं. बापाचं आडनाव, आईचं आडनाव. टाळ्या पडल्या. मग ती म्हणाली, "बाई, आता मारिया म्हटलं की मी हे कार्ड दाखवते. आता तुमचं सांगा. आज तरी सांगा. सोफिया कोण?"

मॅडमनी पालकांकडे वळून कौतुकानं सांगितलं, "शिक्षिकेचं पूर्ण नाव विचारतेय ती." आणि ईशाला म्हणाल्या, "सांग ना तुझं. सांग."

ईशाने तोंड उघडलं. एक क्षण. तेवढ्यात कळलं मला, आता इथे तिचं आडनाव बसणार. माझ्या कामावर, माझ्या आवाजावर, रोज सकाळी घोटून घेतलेल्या प्रत्येक प्रश्नावर. आणि मी वायर धरून वाट सोडणार.

माझा नंबर होता.

मी लॅपटॉप उचलून माझ्याकडे फिरवला. पडद्यावर माझा चेहरा आला. मी माझं नाव सांगितलं. मग बाबांचं आडनाव. मग आईचं माहेरचं आडनाव. सावकाश, जसं ती सांगायची. शेवटी स्पॅनिशमध्ये म्हटलं, सोफिया कोणीच नाही, तुम्हाला मी शिकवलं.

हॉलमधल्या कुणाला स्पॅनिश कळायची गरज नव्हती. आडनावं कळली. पहिल्या रांगेतल्या एका काकूंच्या तोंडून तेवढं निघालं, "अच्छा."

पडद्यावर रोसाउरा खूश. "हाच तो आवाज!" ती म्हणाली. माझी दोन्ही आडनावं तिने जमेल तशी म्हणून बघितली, अडखळत, मोडून, पुन्हा जोडून. तिला ती नुसती आडनावं होती. त्यांचा वास येत नव्हता तिला.

मॅडमनी वायर उपटली. पडदा काळा झाला.

"मी तुला उभं केलं," त्या दातओठ खात म्हणाल्या, हळू आवाजात, कारण पालक होते. "आणि तू भर कार्यक्रमात जात काढतेस?"

"मी नाव सांगितलं," मी म्हणाले.

"उद्यापासून येऊ नकोस."

म्हणजे बघा. फोटो गाळला त्यांनी, नाव पुसलं त्यांनी, हळदीकुंकवाला आत बसवलं त्यांनी. आणि जात काढली मी. स्वतःचं नाव सांगितलं की ते जात काढणं होतं. लपवलं की समजूतदार.

संध्याकाळी ईशाचा मेसेज आला. "मला आधी सांगायचंस ना. मी सपोर्ट केला असता." मी लिहिलं, "तू खुर्चीवर बसलेलीस. उठायचं होतंस." दोन निळ्या खुणा आल्या, बस.

आई महिनाभर धड बोलली नाही. बाबा एकदाच बोलले, तेही जेवताना. "आईचं आडनाव पण सांगितलंस?" मी हो म्हटलं. त्या दिवशी टीव्ही बंद होता.

आता मी घरूनच शिकवते. माझा फोटो, माझं पूर्ण नाव, कुठलंही स्टिअरिंग नाही. धंदा जेमतेम. इथले काही पालक मुलांसाठी चौकशी करतात, नाव वाचतात आणि पुन्हा फोन करत नाहीत. करू नका. कल्याणला लर्निंग लायसन्सचा अर्जही टाकलाय. परीक्षा मराठीतून देणार आहे. पाटीवरचं 'वाट द्या' मला पाठ आहे. ते पिढ्यान् पिढ्या पाठ आहे. आता दुसऱ्यांनी पाठ करावं.

आणि तुम्ही. पहिल्या ओळीपासून माझं आडनाव शोधताय, मला ठाऊक आहे. मोहने वाचलंत, वॉचमन वाचलंत, निळा झेंडा वाचलात, आणि मनातल्या मनात अच्छा म्हणून मोकळे झालात. त्या हॉलमध्ये मी आडनाव सांगितलं, कारण तिथे ते लपवलं होतं. इथे सांगत नाही, कारण इथे तुम्हाला ते हवंय. कुठे सांगायचं ते मी ठरवणार. समोर कधी चौकात आलात, तर मी थांबेन या भरवशावर राहू नका. माझा नंबर असेल तर मी गाडी काढणार.