साखराबाईचा पॉट पाय

पहिल्या दिवशी साखराबाईने कोंबडीचे पाय आणले.

तिचा त्यात काही दोष नव्हता. लेक शिवकन्या पुण्याहून माहेरी आलेली, चौथा महिना चालू, आणि पोटात अन्न म्हणून ठरत नव्हतं. भाकरी समोर आली की ती तोंड फिरवायची. वरणाला फोडणी बसली की उठून अंगणात पळायची. गेवराईच्या डॉक्टरीणबाईंनी सलाईन लावलं आणि घरी पाठवताना सांगितलं, "आता जे मागेल ते द्या. पोटात राहील ते आपलं." घरी येऊन बाजेवर पडल्या पडल्या शिवकन्या म्हणाली, "माय, मला चिकन पॉट पाय खावा वाटतोय."

साखराबाईने पोट आणि पाय असं ऐकलं. ती उन्हात फाट्यावरच्या ब्रॉयलरच्या दुकानात गेली, पोटाकडचे तुकडे आणि सोललेले पाय पिशवीत भरून घेतले, आणि अंगणातल्या तीन दगडांच्या चुलीवर पातेलं चढवलं. घरातल्या चुलीवर त्यांच्याकडं कोंबडी-मटण शिजत नसे. तासाभराने तिने वाटी भरून आत नेली. वाटीतून एक पंजा बोटं पसरून वर आला होता. शिवकन्याने तो पाहिला आणि उठून मोरीकडं पळाली.

"तूच म्हणलीस की पोट आन पाय," साखराबाई मोरीच्या दाराशी उभी राहून म्हणाली.

"पाय म्हंजी पाय न्हाई गं माय. तसला पदार्थ असतो. वर खारीसारखं झाकण, खाली पांढरी घट्ट भाजी, त्यात चिकन."

"मग नाव धड कावून ठिवत न्हाईत?"

शिवकन्या तोंड पुसत मोरीतून बाहेर आली. लग्नाआधी दोन वर्षं ती पुण्यातल्या एका मॉलमध्ये तळलेल्या कोंबडीच्या दुकानात काउंटरवर उभी होती. लाल टोपी घालून तिने हा पॉट पाय शेकड्यांनी विकला होता आणि दुपारच्या सुट्टीत उरलासुरला खाल्लाही होता. तो कसा करतात ते मात्र तिला माहीत नव्हतं. पाकिटातून गोठलेला यायचा, मशीनमध्ये ठेवायचा, घंटी वाजली की काढायचा.

"दोन वर्षं इकलंस आन आत काय असतंय ते म्हाईत न्हाई?" साखराबाई म्हणाली.

"वाटाणे असतात. गाजर असतं. मिरीचा वास येतो."

साखराबाईने कपाळाला हात लावला. मे महिना, तिसरं वर्ष दुष्काळाचं. गावात, तलवाड्यात, टँकर एक दिवसाआड यायचा, आणि आला तरी आपल्या गल्लीपर्यंत पाणी उरेल याचा नेम नव्हता. नवरा आश्रुबा दोन गाई आणि एक म्हैस घेऊन सेवा सोसायटीच्या चारा छावणीत राहायला गेला होता. आणि ह्या पोरीला वाटाणे पाहिजे होते.

साखराबाई अशीच वैतागलेली बाई म्हणून गावाला ठाऊक होती. तिला वैतागायला आयुष्याने भरपूर दिलंही होतं. लग्न झालं त्याच वर्षी ती नवऱ्याबरोबर ऊसतोडीला गेली, आणि मग वर्षानुवर्षं दिवाळी झाली की बैलगाडी जुंपायची, कोल्हापूर-सांगलीकडं जायचं, पाचटाच्या कोपीत संसार मांडायचा. शिवकन्या उसाच्या फडात सावलीला निजून मोठी झाली. पोरीला शाळेत ठेवायचं म्हणून एका वर्षी साखराबाई हटून बसली आणि गावातच राहिली. मग म्हैस घेतली, बायका जमवल्या, महिला दूध संस्था काढली. चेअरमन तिलाच केलं, कारण डेअरीचा माणूस फॅट कमी लागली म्हणायचा तेव्हा त्याच्याशी भांडायची ताकद दुसऱ्या कुणाकडं नव्हती. संस्थेला पत्र्याचं छप्पर आलं, दूध थंड करायची टाकी आली. मग पाऊस गेला. जनावरं छावणीत गेली, दूध आटलं, डेअरीची गाडी यायची थांबली. टाकी बंद पडून होती. तरी सोमवारी बायका संस्थेच्या खोलीत जमायच्या, फरशीवर बसायच्या आणि पावसाला बोलायच्या.

दुसऱ्या वेळी साखराबाईने जावयाला विचारलं. उत्तरेश्वर पुण्यात कंपनीच्या गाडीवर ड्रायव्हर होता. दर संध्याकाळी फोन करून तो "तिनं काय खाल्लं" एवढंच विचारायचा, आणि काही नाही म्हटलं की गप्प व्हायचा. त्या गप्प होण्याचाही साखराबाईला वैताग यायचा. त्याने एक व्हिडिओ पाठवला. त्यात एक गोरी बाई इंग्रजीत बोलत, हसत हसत सगळं करत होती. बोललेलं काही कळत नव्हतं, म्हणून साखराबाईने आवाज बंद केला आणि नुसते हात बघितले. बाई लोण्यात मैदा परतत होती, वर दूध ओतत होती. पोळीसारखी लाटून लोण्याचे तुकडे पसरत होती, घडी घालत होती, परत लाटत होती. शेवटी सगळं भिंतीतल्या कपाटात ठेवून तिने दार लावलं.

"हे कपाट कुठून आणू?" साखराबाई फोनवर म्हणाली.

"मामी, ओव्हन म्हणत्यात त्याला."

"नाव इचारलं न्हाई. कुठून आणू ते इचारलं."

दूध आणायला ती पहाटे छावणीत गेली. आश्रुबाने म्हशीचं जेवढं निघालं तेवढं दिलं, आणि साय आठवडाभर आपल्या चहात न घालता सांभाळलेली, तीही दिली. "पोरीला म्हणावं, कसलं का असंना, खा," तो म्हणाला. दूध घेऊन चालत येईपर्यंत ऊन वर आलं. तिने मैदा परतला, दूध ओतलं, आणि दूध फाटलं. पातेल्यात पांढऱ्या गुठळ्या आणि हिरवट पाणी राहिलं. त्यातली गावरान कोंबडी तीन तास शिजूनही दोरीसारखी ताणली जात होती. सायीचं काढून वरच्या झाकणात घातलेलं लोणी उन्हाने तेलासारखं वितळलं आणि पीठ हाताला चिकटून बसलं.

शिवकन्या उंबऱ्यात बसून बघत होती. तिच्या हातातल्या बांगड्या कोपरापर्यंत सरकत होत्या. "राहू दे माय," ती म्हणाली, "उगं कशाला."

"राहू दे म्हणायचं हुतं तर आधीच म्हणायचं," साखराबाई म्हणाली आणि पातेलं उचलून कुत्र्याला घातलं. मग ती तिथंच भिंतीला टेकून बसली. शिवकन्या सरकून तिच्याजवळ आली.

"माय, माझ्या येळेला तुला काय खावा वाटायचं?"

"फडात कसले आलेत डोहाळे."

"तरी."

साखराबाईने हातावरचं पीठ चोळून काढलं. "कढी. ताकाची कढी. कोपीत दूध नव्हतं का ताक नव्हतं. मुकादमाच्या बायकोकडं हुतं. मी काय मागितलं न्हाई." आणि लगेच उठून म्हणाली, "गाजर आणायला बाजारला जायचं हाय. कवा जायचं ते बघ आता."

ती गेवराईला गेली. गाजरं मिळाली, जरा सुरकुतलेली. हिरवे वाटाणे नव्हतेच, म्हणून वाळके घेतले. ब्रॉयलर घेतलं. मग एका बेकरीत गेली. दिवाळीला बायका तिथं मैदा-साखर नेऊन बिस्किटं भाजून आणायच्या, म्हणून भट्टी ओळखीची होती. बेकरीवाल्याने सगळं ऐकून घेतलं आणि मान हलवली. "भट्टीत कोंबडी न्हाई चालायची, मावशी. उद्या गिऱ्हाईक खारीचा वास घेऊन परत देईल." साखराबाईने त्याला लेकीची तब्येत सांगितली, डॉक्टरीणबाईंचं सांगितलं. त्याने दोन खाऱ्या कागदात गुंडाळून दिल्या. त्या तिने रागाने घेतल्या, आणि एसटीत बसून स्वतःच खाल्ल्या.

सोमवारी संस्थेत तिने बायकांना सांगितलं की असं असं आहे, आणि माझ्याच्यानं आता होत नाही. साखराबाईच्या तोंडून असं कुणी कधी ऐकलं नव्हतं. वयाने सगळ्यांत मोठी चतुराबाई म्हणाली, "रोडगे कशात भाजतो आपण? गोवऱ्यांच्या आरात. मग हे काय इगळं हाय?"

"रोडगा राखंत लोळवला तरी झाडून खाता येतो," साखराबाई म्हणाली. "ह्याच्यात राख गेली तर झालंच." पण बोलता बोलता तिची नजर कोपऱ्यातल्या दुधाच्या रिकाम्या कॅनांवर गेली. एक जुना स्टीलचा कॅन होता, दांडा तुटलेला. आडवा ठेवला, आत वाळू पसरली, वाटी सरकवली आणि भोवतीनं गोवऱ्या लावल्या, तर राख जाणार नव्हती. तिने तसं बोलून दाखवलं.

सचिव दगडाबाईने वहीतून डोकं वर काढलं. ती म्हणाली, "कॅन संस्थेचा हाय."

"तुटका हाय."

"तुटका असला तरी संस्थेचा हाय. ठराव घ्यावा लागंल."

"मी चेअरमन हाय, दगडाबाई."

"म्हणूनच घ्यावा लागंल. उद्या लोक म्हणतील, चेअरमननं संस्थेच्या कॅनात कोंबडी शिजवली."

साखराबाईने डोळे मिटून घेतले. लेक घरात वाळत होती आणि ही बाई ठराव म्हणत होती. पण ठराव झाला. चतुराबाईने सुचवलं, केशरबाईने अनुमोदन दिलं, बाकीच्यांनी हात वर केले. दगडाबाईने अट घातली की हजर सभासदांना चव मिळाली पाहिजे. चतुराबाई माळकरी होती, तिने आपल्याला नको म्हणून आधीच सांगितलं.

दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत साखराबाईने पीठ मळलं. लोणी रात्रभर ओल्या फडक्यात गुंडाळून माठाच्या बुडाशी ठेवलेलं. प्यायच्या पाण्यातलं पाणी त्या फडक्यावर गेलं, याचा तिला फार राग आला होता, पण लोणी घट्ट राहिलं होतं. लाटलं, घडी घातली, लाटलं. मैदा मंद आचेवर परतला, दूध थोडं थोडं घातलं. या वेळी दूध आणायला स्वतः चालत न जाता तिने ते आश्रुबालाच पाठवायला लावलं होतं, सायकलवर, अंधार असतानाच. ते फाटलं नाही. ब्रॉयलरचे तुकडे, गाजर, रात्री भिजवलेले वाटाणे, मीठ, मिरी. मसाल्याच्या डब्याकडं हात दोनदा गेला, दोनदा तिने तो मागं घेतला.

संस्थेच्या मागच्या अंगणात बायकांनी गोवऱ्या रचल्या. गावात पाणी नसलं तरी छावणीतल्या शेणामुळे गोवऱ्यांना तोटा नव्हता. पहिल्या वाट्या घाईने घातल्या, जाळ अजून मोठा होता. झाकणं कोळशासारखी निघाली. दगडाबाई म्हणाली, "मी म्हणणारच हुते, आर पडू द्या म्हणून."

"मग म्हणायचं की," साखराबाई म्हणाली.

दुसऱ्या वेळी त्यांनी जाळ विझू दिला, नुसता लाल निखाऱ्यांचा आर राहिल्यावर कॅनभोवती ओढला. सगळ्या गोल बसून राहिल्या. वास यायला लागला तशा त्या पुढं सरकल्या. साखराबाईने फडक्याने कॅनचं तोंड उघडलं. झाकण फुगलं होतं, एका बाजूला जास्त तांबूस, मधे एक चीर पडून पांढरी भाजी वर आलेली.

ती वाटी पदराखाली झाकून घरी आली. शिवकन्यासमोर ठेवली, चमचा दिला, आणि हातात घमेलं धरून शेजारी बसली. शिवकन्याने झाकणाचा एक पापुद्रा तोडला. मग दुसरा. मग चमचा आत घातला. साखराबाई तिच्या गळ्याकडं बघत होती. अर्धी वाटी संपली, शिवकन्याने पाणी पिलं आणि बाजेवर मागं रेलली. साखराबाईने घमेलं खाली ठेवलं नाही. उन्हं अंगणातून भिंतीवर चढली. काही झालं नाही.

"कसं लागलं?" शेवटी तिनेच विचारलं.

"चांगलं हाय." शिवकन्या जरा थांबली. "तिकडं गाजर लई बारीक चिरत्यात."

साखराबाई घमेलं घेऊन बाहेर गेली. दारामागं जाऊन तिने पदर तोंडाला लावला. केशरबाई चवीची रिकामी वाटी परत द्यायला आली होती, तिने विचारलं की रडतेस कावून, तर साखराबाई म्हणाली, "डोळ्यात धूर गेला."

मग मात्र एक दिवसाआड तेच. टँकर ज्या दिवशी नाही त्या दिवशी पॉट पाय. साखराबाई पहाटे उठून मैदा लाटायची आणि लाटता लाटता मॉलला, जावयाला, पुण्याला आणि त्या हसणाऱ्या बाईला बोलायची. जूनमध्ये शिवकन्याने दहीभात खाल्ला. आषाढात भाकरी खाल्ली. श्रावण लागला तेव्हा कोंबडी बंद झाली, मग बटाट्याचा पॉट पाय झाला, आणि या वेळी चतुराबाईनेही दोन वाट्या खाल्ल्या. पाऊस फार उशिरा आला, पण आला. आश्रुबा जनावरं घेऊन घरी परतला. शिवकन्याला दिवाळीच्या सुमाराला मुलगी झाली. थंडीत संस्थेची टाकी पुन्हा चालू झाली, आणि साखराबाई डेअरीच्या माणसाशी फॅटवरून पुन्हा भांडू लागली.

संक्रांतीनंतर शिवकन्या पुण्याला गेली. एका संध्याकाळी, दूध मापायच्या ऐन वेळेला, तिचा फोन आला. ती मुद्दाम मॉलमध्ये गेली होती, पोरीला कडेवर घेऊन. दुकानवाल्यांनी पॉट पाय करायचाच बंद केला होता, खपत नाही म्हणून.

"मग मी काय करू?" साखराबाई म्हणाली. रांगेत बायका किटल्या घेऊन उभ्या होत्या.

"तू ये की इकडं. उत्तरेश्वरांनी छोटा ओव्हन आणलाय."

इथं दोन वेळचं दूध कोण घेणार, म्हशीचं कोण बघणार, एसटीत सात तास बसून कंबर कुणाची मोडणार, आणि आणायचाच होता तर ओव्हन मागच्या उन्हाळ्यात कावून आणला नाही, असं साखराबाई बराच वेळ बोलत राहिली. रांग थांबून होती. शेवटी दगडाबाईने तिच्या हातातून फोन काढून घेतला.

"शुक्रवारच्या गाडीनं येतिया ती," दगडाबाई म्हणाली, आणि फोन ठेवून पुढच्या बाईची किटली घेतली.